शुश्रूषा करताना शिक्षण आणि स्वतःचे आयुष्य कसे सांभाळावे

आईला पक्षाघाताचा झटका येतो, आठ-दहा दिवस रुग्णालयात जातात, आणि डिस्चार्जच्या दिवशी बाबा बिलाच्या खिडकीपाशी व भाऊ रिक्षा बघायला गेलेला असताना वॉर्डातील सिस्टर समोर उभ्या असलेल्या मुलीलाच सांगतात, की दर दोन तासांनी कूस बदला, झोपवून काही भरवू नका आणि रक्तदाबाची गोळी एकही दिवस चुकवू नका. त्या पाच मिनिटांत सगळी माहिती अठरा-एकोणीस वर्षांच्या एका मुलीकडे जमा होते आणि ज्याला माहीत आहे त्यानेच करायचे, असा घराचा न बोललेला नियम होऊन बसतो. हा मजकूर अशा मुलीसाठी लिहिला आहे. आईच्या जागी वडील, आजी किंवा धाकटे भावंड असले, आजार डायलिसिसचा किंवा स्मृतिभ्रंशाचा असला, तरी यातील बरेच काही लागू पडेल. उदाहरण पक्षाघाताचे घेतले आहे, कारण तो एका दिवसात येतो आणि तयारीला अवधी देत नाही.

माझे मत असे आहे, की अशा घरांत मुलीचे शिक्षण बहुतेक वेळा ती करत असलेले काम दुसऱ्या कुणालाच येत नसल्यामुळे सुटते. कोणती गोळी जेवणाआधीची, फाइल कोणत्या कपाटात आहे, आईने मान हलवली म्हणजे तिला पाणी हवे आहे की कूस बदलायची आहे, हे फक्त तुम्हालाच कळत असेल, तर परीक्षेच्या दिवशीही फोन तुम्हालाच येणार. म्हणून जे काम तुम्ही आज शिकाल, ते त्याच आठवड्यात घरातील दुसऱ्या माणसाला शिकवायचे, हे पहिल्या दिवसापासून ठरवून टाकावे.

डिस्चार्जच्या आधी

सिस्टर किंवा फिजिओथेरपिस्ट काही करून दाखवणार असतील, तर बाबा आणि भाऊ हजर असतानाच दाखवा, अशी विनंती करावी. ही विनंती सहसा नाकारली जात नाही. परवानगी घेऊन मोबाइलवर चित्रण करावे, मात्र आईचा चेहरा आणि उघडे अंग त्यात येणार नाही, याची काळजी घ्यावी. डिस्चार्ज कार्ड हातात आल्यावर गाडीत बसण्यापूर्वीच ते वाचून काढावे आणि न समजलेले तिथेच विचारावे: लघवीची नळी असेल तर ती कधी बदलायची, गिळण्याची तपासणी झाली आहे का, रक्तदाब किती वाढला तर फोन करायचा, तो फोन नेमका कुणाला करायचा, आणि फिजिओथेरपी कधीपासून सुरू करायची. शेवटचा प्रश्न विसरू नये, कारण पक्षाघातानंतरची सर्वाधिक सुधारणा साधारणपणे पहिल्या तीन ते सहा महिन्यांत होते. ‘जरा शक्ती येऊ दे, मग व्यायाम सुरू करू’ असे म्हणत घरी गेलेले आठवडे फार महागात पडतात.

खाटेजवळची वही

दोनशे पानी वही आणावी, तिला दोरीने पेन बांधावे आणि ती खाटेजवळच्या खिळ्याला अडकवावी. मोबाइलमधील नोंद तुमच्यापुरती राहते, वही मात्र आलेल्या मावशीला, आत्याला आणि शेजारच्या काकूंनाही वाचता येते.

पहिल्या पानावर औषधे लिहावीत. गोळीचे नाव पाकिटावर आहे तसे, पण मराठी अक्षरांत, त्यापुढे ती कशासाठी आहे, आणि वेळ लिहावी. ‘रक्त पातळ ठेवण्याची, रात्री जेवणानंतर’ असे लिहिलेले असले, की इयत्ता नववीतला भाऊही ती बिनचूक देऊ शकतो. दुसऱ्या पानावर फोन क्रमांक आणि गावातील किंवा शहरातील अशा रुग्णालयाचे नाव असावे, जिथे सीटी स्कॅन चोवीस तास होतो. तिसऱ्या पानापासून रोजची नोंद सुरू होते: सकाळचा रक्तदाब, किती वाजता कोणत्या कुशीवर वळवले, किती पेले पाणी गेले, शौच झाली का, आणि कुणी काय केले. शेवटचा रकाना अनावश्यक वाटेल, पण पंधरा दिवसांनी वाटणीचा विषय निघतो, तेव्हा वाद घालण्याऐवजी तेच पान उघडून दाखवता येते.

आठवड्याच्या गोळ्या सकाळ, दुपार, रात्र अशा कप्प्यांच्या डबीत भरण्याचे काम भावाकडे द्यावे आणि तुम्ही फक्त एकदा पडताळून पाहावे. रक्तदाबाची गोळी ‘आता बरे वाटते’ म्हणून बंद करण्याचा मोह घरात कुणाला तरी होतोच. डॉक्टरांना विचारल्याशिवाय तसे करू देऊ नये, कारण वाढलेला रक्तदाब हे पुन्हा झटका येण्याचे एक मोठे कारण आहे.

अंगमेहनतीचे काम

या कामात दोन शरीरे जपायची असतात, आईचे आणि तुमचे.

कूस बदलण्यापासून सुरुवात करू. एकाच जागी दाब राहिला, की तिथले रक्ताभिसरण थांबते आणि त्वचा मरते. माकडहाड, टाचा, खुबे, कोपर आणि डोक्याची मागची बाजू या जागांना सर्वाधिक धोका असतो. रोज अंग पुसताना या जागा उजेडात पाहाव्यात. त्वचा लाल दिसली तर बोटाने हलकेच दाबून सोडावी. दाबल्यावर पांढरट होऊन पुन्हा लाल होणारी जागा अजून सावरते. दाबूनही लालच राहिली, तर ती शय्याव्रणाची, म्हणजे पडून राहिल्याने होणाऱ्या जखमेची, सुरुवात समजावी, त्या जागेवर भार येऊ देऊ नये आणि डॉक्टरांना कळवावे. अशी जागा चोळायची नसते. घरोघरी मायेने तेल लावून चोळतात, पण त्याने आतील पेशींना आणखी इजा होते. टाचांसाठी पोटऱ्यांखाली उशी अशी ठेवावी, की टाचा अधांतरी राहतील. एअर बेड परवडत असेल तर जरूर घ्यावा, अनेक शहरांत तो भाड्यानेही मिळतो, मात्र तो असला तरी कूस बदलणे थांबत नाही. रात्रीचे अंतर किती ठेवता येईल, हे डॉक्टरांना विचारून घ्यावे.

खाटेवरून खुर्चीत बसवताना बहुतेक मुली आईच्या काखेत हात घालून तिला वर ओढतात. पक्षाघाताच्या बाजूचा खांदा सैल झालेला असतो, त्यामुळे अशा ओढण्याने तो निखळतो आणि ते दुखणे कित्येक महिने पुरते. खुर्ची आईच्या चांगल्या बाजूला, खाटेला थोडी तिरपी लावावी आणि चाकांची खुर्ची असेल तर ब्रेक लावावा. आईला खाटेच्या कडेला बसवून तिची दोन्ही पावले जमिनीवर सपाट टेकवावीत आणि तिच्या कमरेला रुंद पट्टा किंवा दुहेरी केलेली मजबूत ओढणी बांधावी. मग तिच्या समोर पाय फाकवून उभे राहावे, तिचा लुळा गुडघा आपल्या गुडघ्याने अडवून धरावा, पाठ सरळ ठेवून आपले गुडघे वाकवावेत आणि ‘एक, दोन, तीन’ म्हणत तिला पुढे झुकवून उठवावे. तिला मोजायला लावले तर फारच उत्तम, कारण मग ती स्वतःचे बळही लावते. तिचे वजन तुमच्यापेक्षा जास्त असेल, तर हे काम एकटीने कधीही करू नये, मग दहा मिनिटे थांबावे लागले तरी चालेल. विसाव्या वर्षी जडलेले कंबरेचे दुखणे तुम्हाला पुढे किती वर्षे सोबत करील, याचा विचार घरात दुसरे कुणी करणार नाही.

भरवताना आईला शक्य तितके सरळ बसवावे आणि हनुवटी किंचित खाली असू द्यावी. पक्षाघातानंतर पातळ पदार्थ गिळणे घट्ट पदार्थांपेक्षा अवघड जाते, म्हणून पाण्यानेच ठसका लागत असेल तर डॉक्टरांच्या सल्ल्याने पेज, वरण, ताक यांचा दाटपणा वाढवावा. लहान चमचा वापरावा, एक घास गिळल्याची खात्री झाल्यावरच दुसरा द्यावा, आणि जेवण झाल्यावर लुळ्या बाजूच्या गालात अन्न साठून राहिले आहे का, हे पाहावे. त्यानंतर अर्धा तास तिला आडवे करू नये. जेवताना वारंवार खोकला येणे, आवाज घोगरा-ओला येणे, किंवा ताप येणे ही अन्न श्वासनलिकेत जात असल्याची चिन्हे असू शकतात. लघवीची पिशवी नेहमी कमरेच्या पातळीखाली असावी, पण जमिनीला टेकू नये.

पुन्हा झटका आल्याची ओळख घरातील प्रत्येकाला हवी. तोंड एका बाजूला वाकडे होणे, एक हात उचलता न येणे, किंवा बोलणे अचानक अडखळणे, यांपैकी एक दिसले तरी १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी आणि आई शेवटची नीट होती ती वेळ कागदावर लिहावी. रक्ताची गुठळी विरघळवणारे इंजेक्शन ठरावीक रुग्णांना साधारण साडेचार तासांच्या आतच देता येते, म्हणून डॉक्टरांचा पहिला प्रश्न त्या वेळेबद्दल असतो. तोंडाने पाणी, चहा किंवा कुणी सुचवलेली गोळी देऊ नये.

कामाची वाटणी

राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाच्या २०१९ च्या वेळ-वापर सर्वेक्षणात विनामोबदला घरकाम करणाऱ्या स्त्रिया त्यासाठी दिवसाला सरासरी २९९ मिनिटे देताना आढळल्या, तर घरकाम करणारे पुरुष ९७ मिनिटे. ही तफावत तुमच्या घरापुरती नाही, त्यामुळे तिच्याबद्दल बोलताना बाबांवर किंवा भावावर आरोप करण्याची गरज नाही. वेळापत्रक समोर ठेवावे.

‘मला खूप होतं’ या वाक्यावर ‘थोडे दिवस सोस, बाळा’ असेच उत्तर मिळते. त्याऐवजी वही उघडून, शांत वेळ पाहून असे बोलावे: ‘बाबा, मंगळवारी आणि शुक्रवारी माझं प्रॅक्टिकल असतं. त्या दोन दिवशी सकाळचं अंग पुसणं तुम्ही करा, मी रविवारी तुम्हाला शेजारी उभी राहून दाखवते. रात्री बारापर्यंत कूस तुम्ही बदला, पहाटे साडेपाचला मी उठते.’ दिवस, काम आणि वेळ ठरलेली मागणी टाळायला अवघड जाते. सलग सहा तासांची झोप मात्र तडजोडीत सोडू नये, कारण झोपेविना अभ्यास होत नाही आणि औषधांच्या चुकाही अशाच वेळी होतात.

‘मुलगा काय करणार यात’ असे म्हणणाऱ्या नातेवाइकांसाठी एक गोष्ट ठाऊक असावी. आई-वडील व ज्येष्ठ नागरिकांच्या चरितार्थ व कल्याणासाठीचा २००७ चा कायदा मुलगा आणि मुलगी असा भेद करत नाही, दोघांवरही तो सारखीच जबाबदारी टाकतो, आणि अल्पवयीन अपत्यावर ती मुळीच टाकत नाही. रुग्ण पुरुष असेल, म्हणजे वडील किंवा आजोबा, तर आंघोळ आणि शौचाची कामे भावाने, काकांनी किंवा पुरुष मदतनिसाने करावीत, असा आग्रह तुम्ही निःसंकोच धरावा. त्यात तुमचा संकोच जपला जातो, तसाच त्यांचाही.

‘काही लागलं तर सांग’ म्हणणाऱ्यांना खरोखर सांगावे. मामीने गुरुवारी संध्याकाळी दोन तास आईजवळ बसावे, काकांनी महिन्याची औषधे आणावीत, शेजारच्या आजोबांनी दुपारी वर्तमानपत्र वाचून दाखवावे, अशी छोटी आणि ठरलेली कामे लोक आनंदाने करतात. ऐपत असेल तर रुग्णसेवेची माणसे पुरवणाऱ्या ब्युरोमधून दिवसपाळीची मावशी मिळते. तिच्यासाठी पैसे खर्च करण्याबद्दल घरात कुरकुर झाली, तर तुमचे एक शैक्षणिक वर्ष बुडाल्यास किती किंमत मोजावी लागेल, तो हिशेब मांडावा. भागातील आशाताईंनाही घरात असा रुग्ण असल्याचे कळवून ठेवावे.

महाविद्यालय

हजेरी कमी पडल्यावर धावाधाव करण्यापेक्षा पहिल्याच आठवड्यात प्राचार्यांच्या नावे अर्ज द्यावा. बहुतेक ठिकाणी ७५ टक्के हजेरीची अट असते आणि अडचणीच्या काळात सवलत देण्याचा विचार लेखी अर्जावरच होतो. अर्जासोबत डिस्चार्ज कार्डाची प्रत जोडावी, आणि आपल्या प्रतीवर कार्यालयाचा शिक्का व तारीख घेऊन पोच जपून ठेवावी. वर्गशिक्षकांना प्रत्यक्ष भेटून सांगावे. हे सांगण्याची लाज अनेक मुलींना वाटते आणि त्यामुळे शिक्षक त्यांना निष्काळजी समजत राहतात.

बहिःशाल शिक्षणाचा सल्ला लवकरच येईल. नाशिकचे यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ १९८९ पासून हजारो स्त्रियांना घरी राहून पदवीपर्यंत नेत आले आहे आणि दुसरा मार्ग उरला नसेल, तर तो मार्ग पूर्ण सन्मानाचा आहे. तरीही पहिल्या दोन-तीन महिन्यांत, केवळ घराच्या सोयीसाठी, नियमित प्रवेश रद्द करू नये. महाविद्यालयात जाणे म्हणजे रोज काही तास घराबाहेर असणे, मैत्रिणी असणे आणि रुग्णाच्या खोलीबाहेरचे काहीतरी बोलायला असणे. ते एकदा सुटले, की तुम्ही ‘दिवसभर घरीच असता’ असे गृहीत धरले जाते आणि मुक्त विद्यापीठाच्या पुस्तकांनाही वेळ उरत नाही.

शुल्काची अडचण असेल तर महाराष्ट्र शासनाची २०२४-२५ या वर्षापासून लागू झालेली सवलत तपासावी. कौटुंबिक वार्षिक उत्पन्न ८ लाख रुपयांच्या मर्यादेत असलेल्या आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटक, सामाजिक व शैक्षणिकदृष्ट्या मागास आणि इतर मागास वर्गांतील मुलींना केंद्रीभूत प्रवेशप्रक्रियेतून व्यावसायिक अभ्यासक्रमाला प्रवेश घेतल्यास शिक्षण शुल्क व परीक्षा शुल्क पूर्ण माफ होते. अर्ज महाडीबीटी संकेतस्थळावरून करावा लागतो.

कागदपत्रे

महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत एका कुटुंबाला वर्षाला ५ लाख रुपयांपर्यंतचे उपचार अंगीकृत, म्हणजे योजनेशी जोडलेल्या, रुग्णालयात विनामूल्य मिळू शकतात. रेशन कार्ड आणि आधार घेऊन तेथील आरोग्यमित्राला, म्हणजे योजनेच्या मदतनिसाला, भेटावे, आणि तेही दाखल होतानाच. आजार स्थिरावल्यावर शासकीय रुग्णालयातून दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र आणि वैश्विक ओळखपत्र काढावे. ४० टक्के किंवा त्याहून अधिक दिव्यांगत्व असल्यास एस.टी.च्या सवलतीपासून अनेक योजनांचे दार त्याने उघडते. उत्पन्नाच्या अटीत बसत असाल तर संजय गांधी निराधार अनुदान योजनेचा अर्ज तहसील कार्यालयात करता येतो. पासष्टी पूर्ण केलेल्यांसाठी श्रावणबाळ योजना आहे. बँकेचे काम अडले असेल, तर रिझर्व्ह बँकेने २०१७ मध्ये सत्तरीपुढील, तसेच दिव्यांग आणि आजारी खातेदारांना घरपोच मूलभूत सेवा देण्याच्या सूचना बँकांना दिल्या आहेत, हे शाखेत नम्रपणे सांगावे. ही सगळी धावपळ मुलीने करायला हवी असे नाही. खाटेजवळचे काम जमत नाही म्हणणाऱ्या घरच्या पुरुषांकडे कार्यालयांच्या फेऱ्या पूर्णपणे सोपवाव्यात.

आई आणि तुम्ही

आईला भरवताना, तिचे कपडे बदलताना तिच्याशी लहान मुलाशी बोलावे तसे बोलण्याची सवय नकळत लागते. ती टाळावी. बोलता येत नसले तरी बहुतेक वेळा तिला समजत असते. ‘आई, आता कूस बदलू का?’ असे विचारून तिच्या होकाराची खूण येईपर्यंत थांबावे. भाजीला काय करायचे, दिवाळीला कुणाला काय द्यायचे, हे निर्णय तिच्याकडेच राहू द्यावेत. चांगल्या हाताने मटार सोलणे हा तिच्यासाठी व्यायामही आहे आणि घरातले स्थानही. पक्षाघातानंतर अनेकांना नैराश्य येते, उगाच रडू येते, राग अनावर होतो; तो आजाराचा भाग असू शकतो आणि त्यावर उपचार आहेत, म्हणून डॉक्टरांना ते आवर्जून सांगावे.

तुम्हालाही राग येईल. मैत्रिणी सहलीला गेल्याचे फोटो पाहताना येईल, चौथ्यांदा चादर बदलताना येईल, आणि मग आपण वाईट मुलगी आहोत असे वाटेल. अशी भावना येणारी मुलगी वाईट नसते, थकलेली असते. आठवड्यातून एक संध्याकाळ पूर्णपणे तुमची असावी आणि ती वहीत इतर कामांसारखीच लिहिलेली असावी. पाळी वेळेवर येते का, जेवण उभ्या-उभ्या होते का, वजन उतरते आहे का, याकडे लक्ष ठेवावे. झोप उडाली, कशातच मन लागेनासे झाले, किंवा जगणे नकोसे वाटू लागले, तर १४४१६ हा टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा क्रमांक आहे. तो विनामूल्य आहे, चोवीस तास चालतो आणि मराठीत बोलता येते. वय अठराच्या आत असेल तर १०९८ ही चाइल्ड हेल्पलाइनही आहे.

घरातील स्त्रिया तुमच्या लग्नाचा विषय दोन्ही टोकांनी काढतील: कुणी म्हणेल लवकर उरकून टाका, कुणी म्हणेल हिचे लग्न झाले तर आईचे कोण करणार. दोन्ही वेळी एकच उत्तर पुरते, की शिक्षण पूर्ण होईपर्यंत हा विषय नको. बाबांनी हे उत्तर स्वतः द्यावे, असे त्यांच्याकडून आधीच कबूल करून घ्यावे, म्हणजे तुम्हाला पाहुण्यांसमोर वाद घालावा लागत नाही.

परगावी जाण्याची वेळ आली तर

वसतिगृहातला प्रवेश किंवा परगावची नोकरी मिळाली, तर निघण्याच्या महिनाभर आधी हस्तांतर सुरू करावे. पहिल्या आठवड्यात तुम्ही करता आणि भाऊ किंवा मावशी पाहते, दुसऱ्या आठवड्यात ते करतात आणि तुम्ही पाहता, तिसऱ्या आठवड्यात तुम्ही दिवसभर बाहेर राहता व रात्री वही तपासता. चौथ्या आठवड्यात दोन रात्री मैत्रिणीकडे मुक्काम करावा आणि फोन आला तरच बोलावे. त्या दोन दिवसांत जे अडले असेल तेवढेच परत आल्यावर पुन्हा शिकवावे. आईला जाण्याची तारीख पहिल्यांदा तुम्हीच सांगावी, तीही हस्तांतर सुरू करण्यापूर्वी. गेल्यावर रोज ठरलेल्या वेळी एकदा व्हिडिओ कॉल करावा, त्यात आधी आईशी बोलावे, आणि वहीचे त्या दिवसाचे पान भावाला फोटो काढून पाठवायला सांगावे.